चैत्रगौर, रविवार पाहून

रविवार, रात्री उशिरा

चैत्रगौरीचं हळदीकुंकू एकदाचं पार पडलं. हल्ली तिथी-वार नाही, सुट्टी बघायची. आमंत्रण व्हॉट्सअ‍ॅपवर: ‘सहा ते नऊ, जमेल तशा या.’ सासूबाई पूर्वी दांडिया बाजारातल्या वाड्यावाड्यांतून फिरून बोलावणं करायच्या. मला नाही त्याची हळहळ. पायांचे तुकडे पडत असणार.

आंब्याची डाळ मात्र घरचीच. मिक्सर थांबत थांबत फिरवायचा, नाहीतर लगदा होतो. त्यात किसलेली कैरी, ओलं खोबरं, वरून हिंग-मोहरीची चरचरीत फोडणी. सासूबाईंनी चव घेतली. “साखर हात राखून घाल गं, गुजरातेत राहून जीभ गोडावली आपली.”

सासरे गेल्यापासून त्या या दिवशी स्वयंपाकघराबाहेर येत नाहीत. कुणी सांगितलेलं नाही, आणि बाहेर या असंही कुणी म्हटलं नाही. बाई महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या बी.ए., तेही हंसाबेन मेहता कुलगुरू असतानाच्या! आणि गाव कुठलं, तर बडोदं. इथे १९०६ मध्ये मुलींनाही शाळा सक्तीची झाली, १९३१ मध्ये संस्थानाने हिंदू बायकांना घटस्फोटाचा हक्क दिला. देशभर त्यासाठी १९५५ उजाडलं. इथल्या महाराणी चिमणाबाई १९२७ च्या पुण्यातल्या पहिल्या अखिल भारतीय महिला परिषदेच्या अध्यक्ष. पण कुंकवाचा करंडा आमच्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशीच अडलेला.

आज लेक अहमदाबादहून आली, जीन्सवर कुर्ता, हात मोकळे. करंडा उचलून थेट आत.

“आजी, कपाळ पुढे कर.”

“अगं, लोक काय म्हणतील?”

“लोक डाळ खातायत.”

सासूबाईंनी हळद लावून घेतली. कुंकवाला मात्र हात आडवा केला. लेकीने ताणलं नाही, हे बरं केलं. मग त्या पदर सावरत बाहेर आल्या, गौरीच्या झोपाळ्याजवळ बसल्या आणि भिजवलेल्या हरभऱ्यांनी बायकांच्या ओट्या भरू लागल्या. एक बाई पन्हं अर्धं ठेवून लगेच उठल्या. बाकीच्यांच्या गप्पा चालूच होत्या.

मघाशी समोरच्या वहिनींचा फोन: “पुढच्या वर्षी आमच्या आईंना पाठवू?” पाठवा म्हटलं. त्यांना खाली बसवत नाही, खुर्च्या मागवाव्या लागतील.