तुम्ही विचारलेत म्हणून: गॅलरीतले गांधीलमाशांचे पोळे

"काकू, हे कायले ठेवलं जी? एखाद्या दिवशी डसन ना कोनाले." होळी झाली की नागपुरात घरोघरी कूलर बाहेर निघतात, आणि आमच्याकडे कूलर बसवायला येणारा कारागीर दर वर्षी गॅलरीच्या छताकडे बोट दाखवून मला हाच प्रश्न विचारतो. शेजारच्या वहिनी विचारतात, भाचा विचारतो, आणि मी प्राणिशास्त्र शिकवत होते हे ठाऊक असलेले लोक जरा अधिक आदराने, पण तेच विचारतात: मध देत नाही, डंख मात्र मारते, अशा माशीचे पोळे घरात कशासाठी राहू द्यायचे? उभ्या उभ्या मी दोन वाक्यांत उत्तर देते आणि ते कोणालाही पटत नाही. म्हणून आज सविस्तर लिहिते.

सर्वप्रथम हे सांगितले पाहिजे की डंखाची भीती मला अनाठायी वाटत नाही. सात-आठ वर्षांपूर्वी, कूलरच्या जाळीतले जुने गवत काढताना आत न पाहता मी हात घातला आणि मनगटावर लागोपाठ दोन डंख बसले. तापलेला खिळा टोचून आतच फिरवावा तशी ती कळ होती. संध्याकाळपर्यंत सूज कोपरापर्यंत चढली, हातातली पाटली मांसात रुतू लागली, आणि शेवटी इतवारीतल्या एका सराफाकडून ती कापून काढावी लागली. सूज उतरायला तीन दिवस लागले. त्यामुळे "काही होत नाही हो" असे मी कोणालाही म्हणणार नाही. मला सांगायचे आहे ते एवढेच की हा डंख मुळात काय आहे आणि कोणासाठी आहे हे कळले, की कोणते पोळे काढायचे आणि कोणते राहू द्यायचे हे ठरवता येते.

गांधीलमाशीची नांगी ही मूळची अंडी घालण्याची नळी आहे. म्हणूनच डंख फक्त माद्यांना असतो, नराला तो असूच शकत नाही. ही नळी तिच्या जुन्या रूपात पाहायची असेल तर उंबराखाली जावे. उंबर फोडून केंबरे काढू नयेत असे आपण म्हणतो, पण ज्यांना आपण केंबरे म्हणतो ते चिमुकले कीटक गांधीलमाशीचेच दूरचे नातलग आहेत. उंबराचे फूल कोणाला दिसत नाही, कारण उंबराची फुले त्या गोळ्याच्या आतच असतात. मादी बारीक छिद्रातून आत शिरते, शिरताना बहुधा पंख गमावते, आणि आपली नळी फुलात घालून अंडी देते. त्याच फेरीत तिने दुसऱ्या उंबरातून आणलेले पराग आतल्या फुलांना मिळतात. विदर्भातल्या कापूस उत्पादकांना ट्रायकोकार्ड, म्हणजे किडीचा नाश करणारे मित्रकीटक शेतात सोडण्याचे कार्ड, ठाऊक असते. त्या कार्डातून निघणारी ट्रायकोग्रामा ही अर्ध्या मिलिमीटरच्या आसपासची मित्रकीटक मादीसुद्धा हेच करते, फक्त तिची नळी बोंडअळीच्या अंड्यात शिरते आणि त्या अंड्यातून अळीच्या जागी नवी ट्रायकोग्रामा बाहेर पडते. या दोघींनी माणसाला डंख मारल्याचे कोणी ऐकलेले नाही. त्यांच्या नळीचे काम आहे ते पुढच्या पिढीला सुरक्षित जागी पोहोचवण्याचे.

तीच नळी विषाची सुई कशी झाली हे मला लहानपणी, नागपूरच्या महाल भागातल्या आमच्या वाड्यात, कुंभारणीने, म्हणजे मातीचे घर बांधणाऱ्या एकट्या माशीने, दाखवले, अर्थात तेव्हा ते मला समजले नव्हते. कपाटामागे तिने ओल्या मातीचे लांबट घर केले होते. आई ते मोडू देत नसे, घरात कुंभारीण येणे शुभ असते म्हणायची. एका दुपारी आई झोपलेली असताना मी केसातल्या आकड्याने त्या घराचा एक कप्पा उकरला. आतून कोळी निघाले, एकावर एक दाबून बसवलेले, काही हिरवट, काही राखी, मोजले तेव्हा अकरा भरले. मेलेले असतील असे समजून मी एकाला आकड्याचे टोक लावले, तर त्याचा पाय अगदी सावकाश हलला. तळाशी असलेल्या एका कोळ्याच्या पोटावर तांदळाच्या कणीसारखे पांढरे अंडे चिकटलेले होते. मी घाबरून सगळे तसेच टाकून पळाले.

कुंभारीण कोळ्याच्या मज्जासंस्थेजवळ नांगी टोचते आणि त्याला लुळा करते. तिला तो मेलेला नको असतो, कारण मेलेला कोळी नागपूरच्या उन्हाळ्यात दोन दिवसांत सडेल किंवा वाळून जाईल. अंड्यातून निघणाऱ्या अळीला ताजे अन्न मिळावे म्हणून तो जिवंत, पण हालचाल न करू शकणारा असा हवा असतो. कप्पा मातीने बंद केल्यावर कुंभारीण पुन्हा तिकडे फिरकत नाही. आत कीटक ठेवला आणि काही आठवड्यांनी माशी उडून गेली एवढेच बाहेरून दिसत असल्यामुळे, ध्यासाने कीटकाचाच भ्रमर होतो असा भ्रमर-कीटक न्याय आपल्याकडे सांगितला गेला असावा, असे मला वाटते. त्यातले निरीक्षण अचूक आहे, फक्त बंद कप्प्यात काय घडते ते दिसण्याची सोय नव्हती. या टप्प्यावर नळीने अंडी घालण्याचे काम सोडून दिलेले असते. अंडे आता नांगीच्या बुडाशी असलेल्या छिद्रातून बाहेर येते आणि नांगी केवळ विष टोचण्यासाठी उरते. तरीही कुंभारीण माणसाला सहसा डंख मारत नाही आणि मारलाच तरी तो सौम्य असतो, कारण तिचे विष कोळ्यासाठी आहे, आपल्यासाठी नाही.

गांधीलमाशीचे विष मात्र आपल्यासाठी आहे. ती एकटी राहत नाही. लाकडाचे तंतू खरवडून, लाळेत कालवून ती कागदासारख्या पदार्थाचे उघडे पोळे बांधते, आणि त्यात असहाय अळ्या एकाच जागी इतक्या संख्येने वाढत असतात की पक्षी, माकड आणि माणूस यांच्यासाठी ते आयते ताट ठरते. भक्ष्य मारायला तिला नांगी लागतच नाही, सुरवंट ती जबड्यानेच चावून, त्याचा गोळा करून आणते. नांगी आहे ती पोळ्यापर्यंत आलेल्या मोठ्या प्राण्याला मागे परतवण्यासाठी. म्हणून तिच्या विषाचा पहिला गुण लुळे करणे हा नसून वेदना देणे हा आहे. नांगीत मधली पन्हळ आणि तिच्यावरून आलटून पालटून पुढे सरकणारी दोन पाती असतात, आणि त्यांच्यामधून विष आत जाते. विषातली काही विकरे (एन्झाइम) पेशींमधला चिकट थर विरघळवून विषाला वाट करून देतात, तर मास्टोपॅरन नावाचा घटक आपल्याच शरीरातल्या मास्ट नावाच्या संरक्षक पेशींना हिस्टामिन हे रसायन सोडायला लावतो. सूज आणि खाज ही बरीचशी त्या हिस्टामिनची करणी असते. मधमाशीच्या नांगीचे काटे मोठे असल्यामुळे ती आपल्या कातडीत अडकून तुटते आणि माशी मरते. गांधीलमाशीचे काटे बारीक असल्यामुळे ती नांगी सहज उपसून पुन्हा टोचू शकते, जे मी मनगटावर अनुभवले. जस्टिन श्मिट या अमेरिकी कीटकशास्त्रज्ञाने स्वतःला झालेल्या दंशांवरून वेदनेची 4 पर्यंतची श्रेणी तयार केली. तिच्यात मधमाशीला 2 गुण आहेत, आणि कागदी पोळे करणाऱ्या काही माशांना 3. वेदना आणि प्रत्यक्ष इजा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे त्यांचे म्हणणे मला फार महत्त्वाचे वाटते: कळ मोठी असते म्हणून नुकसानही तेवढेच मोठे असते असे नाही.

याला एक गंभीर अपवाद आहे. काही व्यक्तींना या विषाची तीव्र ॲलर्जी असते आणि त्यांच्यासाठी एक डंखही जीवघेणा ठरू शकतो. डंख एका जागी बसला असताना अंगभर पित्त उठले, ओठ किंवा जीभ सुजली, आवाज घोगरा झाला, दम लागला किंवा चक्कर आली, तर घरी एक मिनिटही न घालवता रुग्णालय गाठावे. तिथे मांडीच्या स्नायूत दिले जाणारे ॲड्रेनॅलिन हेच पहिले औषध असते. तोंडात किंवा घशात डंख बसला, किंवा एकाच वेळी पुष्कळ डंख बसले, तरीही रुग्णालयातच जावे. एरवी जागा साबणाने धुवावी, बर्फ कापडात गुंडाळून लावावा, आणि अंगठी, बांगडी, पाटली सूज येण्याआधीच उतरवावी. हे शेवटचे मी किंमत मोजून शिकले आहे. लोखंड घासणे मात्र कृपा करून सोडून द्या. विष कातडीखाली गेलेले असते, वरून किल्ली घासून ते उतरत नाही, उलट कातडी सोलवटते. आई चुना लावायची, त्यानेही आग वाढते. मधमाशीवर सोडा आणि गांधीलमाशीवर लिंबू किंवा व्हिनेगर, हा उपायही याच कारणाने निरुपयोगी आहे.

आता माझ्या गॅलरीविषयी. तिथल्या माश्या तांबूस तपकिरी आहेत आणि त्यांच्या पोटावर एक पिवळा पट्टा आहे. शास्त्रीय नाव रोपालिडिया मार्जिनाटा. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत राघवेंद्र गदगकर आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी या एका माशीचा अनेक दशके अभ्यास केला, प्रत्येकीच्या अंगावर रंगाचे ठिपके देऊन. त्यांना आढळले की पोळ्याची राणी ही पोळ्यातली सर्वांत भांडखोर माशी नसते. ती शांतपणे बसून असते. राणीला पोळ्यावरून काढून घेतले की कामकऱ्यांपैकी एक जण एकाएकी आक्रमक होते आणि पुढे तीच राणी बनते, पण ती कोण असेल हे आधी पाहणाऱ्याला ओळखता येत नाही. हे वाचल्यापासून मी सकाळचा चहा गॅलरीत घेऊ लागले. मी हाताच्या अंतरावर बसते, त्या त्यांच्या कामात असतात. एप्रिल-मेमध्ये पारा 45 च्या घरात जातो तेव्हा त्या कूलरच्या टाकीवर पाण्याचा थेंब घ्यायला येतात, तो पोळ्यावर पसरतात आणि पंखांनी वारा घालतात. अशा वेळी कूलरजवळ त्या दिसल्या की लोक चप्पल उचलतात, पण पाण्यावर आलेल्या माशीला कोणाला डंख मारण्यात रस नसतो. पोळ्याला धक्का लागणे, फांदी हादरणे, अगदी जवळून श्वास सोडणे, हात झटकणे, या गोष्टींना ती उत्तर देते.

म्हणून माझा नियम सरळ आहे. जिथे माणसाचा हात किंवा डोके नकळत लागेल तिथले पोळे काढायचे. विजेच्या मीटरच्या पेटीत झालेले पोळे मी स्वतः काढायला लावले, आणि घरात लहान मूल किंवा ॲलर्जी असलेले माणूस असते तर गॅलरीतलेही काढले असते. पोळे लहान असतानाच, जाणकाराकडून, अंग झाकून हे काम करावे. आमच्या जुन्या वसाहतीत कोणीतरी भर दुपारी रॉकेलचा बोळा पेटवून पोळे जाळले होते. निम्म्या माश्या बाहेर गेलेल्या होत्या, त्या परत आल्यावर खाली खेळणाऱ्या तीन मुलांना डंख बसले. कूलर उघडण्याआधी लांब काठीने दोनदा ठोकावे आणि थोडे थांबावे. आणि पाण्याच्या टाकीखाली किंवा उंच इमारतीला लटकलेले मोठे मोहोळ ही आग्या मधमाशी असते, तिच्याशी हे पोळे एक समजू नये. तिथून दूर राहणेच योग्य.

गेल्या भाद्रपदात एका सकाळी गॅलरीत जड घरघर ऐकू आली. बोटाच्या पेराएवढी लांब, काळी, पोटावर एकच रुंद पिवळा पट्टा असलेली मोठी गांधील, व्हेस्पा ट्रॉपिका, पोळ्यावर उतरली होती. मला वाटले होते की घरच्या वीस-बावीस माश्या तिच्यावर तुटून पडतील. एकीनेही नांगी वापरली नाही. त्या मोठ्या गांधिलीच्या कडक कवचापुढे त्यांचा इलाज चालत नसावा. सगळ्या पोळे सोडून भिंतीवर सरकल्या आणि तिथे दाटीने बसून राहिल्या, तोंडे पोळ्याकडे. ती एकेका घरात डोके घालून अळी ओढून काढत होती, चावत होती, उडून जाऊन परत येत होती. दुपारपर्यंत एकही अळी उरली नाही. मला तिला हाकलावेसे वाटले, झाडू हातात घेतलाही होता, पण मी तो खाली ठेवला.

चार दिवस माश्या भिंतीवरच होत्या. पाचव्या दिवशी त्यांतली एक गॅलरीच्या जुन्या सागवानी दाराची चौकट खरवडताना दिसली. जबड्याचा तो कुरकुर आवाज शांततेत ऐकू येतो. मोडक्या पोळ्यापासून दोन वितींवर तिने छताला एक काळसर देठ चिकटवला आणि संध्याकाळपर्यंत त्याला पहिले घर लोंबकळू लागले. कूलर या वर्षी मी पलीकडच्या खोलीच्या खिडकीत बसवून घेतला आहे.