आठपैकी शून्य

१८ डिसेंबर २०२३, सोमवार. पोर्टलंडमध्ये अजून रविवारची रात्र, आणि पुण्यात आमच्या ऑफिसात सकाळचा पहिला चहा. टेस्टिंगच्या खोलीत दुसऱ्या मॉनिटरवर एनबीए या अमेरिकी बास्केटबॉल लीगमधल्या वॉरियर्स आणि ट्रेल ब्लेझर्सची मॅच लावलेली, आवाज बंद. बास्केटबॉलचा व्हिडिओ गेम तपासणाऱ्यांना मॅच बघणं कामातच धरलं जातं. या नोकरीतलं एवढं एक सुख.

वॉरियर्स ११८-११४ ने जिंकले. त्यांच्या स्टेफन करीच्या नावापुढे सात गुण होते: दोन साध्या बास्केट आणि तीन फ्री थ्रो. थ्री, म्हणजे लांबून टाकायचे तीन गुणांचे शॉट, त्याने आठ टाकले आणि आठही हुकले. १ डिसेंबर २०१८ पासून रेग्युलर सीझनमध्ये (प्लेऑफच्या आधीच्या साखळी मॅचमध्ये) तो जेवढ्या मॅच खेळला त्या प्रत्येकीत त्याचा निदान एक थ्री होता. अशा सलग २६८ मॅच झाल्या होत्या. ही २६९वी कोरडी गेली.

कप अजून हातातच होता, तेवढ्यात टीम लीडचं टिकिट, म्हणजे तपासायच्या दोषाची नोंद, येऊन पडलं. त्याचे दोन भाग होते. एका खेळाडूची अख्खी कारकीर्द खेळायच्या आपल्या करिअर मोडमध्ये ‘दर मॅचला किमान एक थ्री’ ही स्ट्रीक (सलग मालिका) पन्नासाच्या आसपास गळून पडते, मग २६८ कधी येणार? आणि उलट, एकही न चुकवता सलग थ्री मारण्याची स्ट्रीक मात्र आपल्याकडे सारखी तेराच्या पुढे जाते, ते कसं? एनबीएमध्ये सलग तेरा थ्रीचा विक्रम ब्रेंट प्राइस आणि टेरी मिल्स या दोघांच्या नावावर आहे. दोघांचाही १९९६ मधला, आणि एका मॅचमधला नव्हे, मॅच ओलांडून मोजलेला. म्हणजे एकच गेम, त्यात एक स्ट्रीक जमतच नाही आणि दुसरी थांबतच नाही. इतकं उलटंसुलटं टिकिट क्वचितच मिळतं.

पहिल्या भागात आधी मोजणीच तपासली. लॉग उघडल्याबरोबर एक चूक सापडली. खेळाडू जखमी होऊन बाकावर बसला की त्या मॅचची नोंद ‘थ्री शून्य’ अशी पडत होती आणि काउंटर पुन्हा शून्यावर येत होता. खरी मोजणी फक्त खेळलेल्या मॅचची असते. २०१९-२० मध्ये करीचा हात मोडला आणि अख्ख्या सीझनमध्ये तो पाचच मॅच खेळला. तरी स्ट्रीकला धक्का लागला नाही, कारण न खेळलेली मॅच हिशेबातच येत नाही. पण कोर्टवर एक सेकंद जरी उतरला तरी ती मॅच धरतात. ८ नोव्हेंबर २०१८ ला मिलवॉकीविरुद्ध दुखापत होऊन तो मॅच अर्धी टाकून गेला, त्यात थ्री नव्हता, आणि ती मॅच कोरडी म्हणूनच लागली. बरा होऊन १ डिसेंबरला डेट्रॉइटमध्ये उतरला, तिथून नवी मोजणी सुरू झाली. कोडमध्ये अट एवढीच हवी होती की खेळलेला वेळ शून्याहून जास्त असेल तरच काउंटरला हात लावायचा. आमच्याकडे ‘संघात नाव आहे का’ एवढंच पाहिलं जात होतं.

दुसरी गफलत प्लेऑफची, म्हणजे सीझनअखेरच्या बाद फेऱ्यांची. १३ जून २०२२ ला फायनलच्या पाचव्या मॅचमध्ये बोस्टनविरुद्ध करी नऊपैकी शून्य होता. वॉरियर्स जिंकले, पण त्या रात्री त्याची प्लेऑफमधली १३२ मॅचची स्ट्रीक तुटली आणि प्लेऑफ व रेग्युलर सीझन मिळून चाललेली २३३ मॅचचीही. रेग्युलर सीझनची तेवढी शाबूत राहिली आणि पुढे २६८ पर्यंत गेली. म्हणजे एकाच माणसाचे तीन काउंटर, आणि ‘करीची स्ट्रीक केव्हा तुटली’ याची दोन बरोबर उत्तरं. आमच्याकडे काउंटर एकच होता आणि तो सगळं एकाच पोत्यात भरत होता. सीझन संपल्यावर खेळणाऱ्याला ‘स्ट्रीक तुटली’ असा निरोप जायचा आणि तो आम्हाला शिव्या घालायचा. रास्तच होतं.

हे दोन्ही दुरुस्त करून सिम्युलेशन पुन्हा लावलं. स्ट्रीक थोडी लांबली, पण शंभरीच्या आसपास पुन्हा धापा टाकू लागली. तेव्हा कागद घेतला.

खेळाडूचा थ्री ४२ टक्के पडतो आणि तो मॅचमागे अकरा टाकतो असं धरा. एक हुकण्याची शक्यता ०.५८. अकराच्या अकरा हुकण्याची ०.५८ चा अकरावा घात, म्हणजे साधारण ०.००२५. चारशे मॅचमध्ये एखादी कोरडी. या हिशेबाने सलग २६८ मॅच पार पडण्याची शक्यता निम्म्याच्या जरा वर निघते. मग आमचा खेळाडू मध्येच का कोसळतो? टक्केवारी बरोबर होती, सरासरी प्रयत्नही अकराच होते. घोळ त्या सरासरीच्या पोटात होता. आमचं इंजिन आधी खेळाची मिनिटं ठरवतं आणि मग त्यातून थ्रीचे प्रयत्न. मॅच एकतर्फी झाली की आमचा कोच स्टारला तिसऱ्या क्वार्टरमध्येच बसवायचा, अटीतटीची झाली की शेवटपर्यंत पळवायचा. त्यामुळे काही मॅचमध्ये सोळा प्रयत्न, काहींमध्ये सहा.

आता निम्म्या मॅचमध्ये सोळा आणि निम्म्यांत सहा धरून बघा. सरासरी अकराच राहते. पण सहाच्या सहा हुकण्याची शक्यता ०.०३८ आहे, सोळाच्या सोळा हुकण्याची जवळपास नाहीच. दोन्हींची मिळून ०.०१९ येते. चारशेत एक होती ती बावन्नात एक झाली आणि २६८ पार करण्याची शक्यता अर्ध्या टक्क्यावर आली. स्ट्रीकचा जीव सरासरीत नसतो, सगळ्यात कमी प्रयत्नांच्या रात्रीत असतो. पोर्टलंडमध्येही आठच प्रयत्न झाले होते. आठच्या आठ हुकणं अठ्ठ्याहत्तरात एकदा होतं, म्हणजे त्या रात्री आभाळ वगैरे काही कोसळलेलं नव्हतं.

याच कागदाच्या कोपऱ्यात काइल कॉर्व्हर या दुसऱ्या थ्रीवाल्याचा हिशेब केला, आणि तो मला करीच्या हिशेबापेक्षा जास्त आवडला. कॉर्व्हरची १२७ मॅचची स्ट्रीक नोव्हेंबर २०१२ ते मार्च २०१४ मधली. तो मॅचमागे पाच-सहाच थ्री टाकायचा, पण ४६-४७ टक्के पाडायचा. तेवढ्या प्रयत्नांत कोरडी मॅच तीसेक मॅचमध्ये एकदा यायला हवी. सलग १२७ जमण्याची शक्यता शंभरात एक-दोनदा. २६८ हा आकडा मोठा आहे, पण दुर्मीळ म्हणाल तर १२७च. तीही पोर्टलंडलाच तुटली होती. त्या गावाचं काय आहे कोण जाणे.

मिनिटांची दुरुस्ती मग कोचच्या स्वभावात केली. स्टारला बसवण्याआधी आघाडी किती आणि वेळ किती उरला हे दोन्ही बघायचं, नुसती आघाडी बघायची नाही.

टिकिटाचा दुसरा भाग वरवर सोपा वाटत होता. ४२ टक्केवाल्याने सलग तेरा मारण्याची शक्यता ०.४२ चा तेरावा घात, साधारण ऐंशी हजारांत एक. आमच्याकडे ते दर काही सीझनला घडत होतं. कोडचा इतिहास चाळला तर ऑक्टोबरमध्ये कुणीतरी ‘गरम हात’ घातलेला सापडला: तीन थ्री सलग पडले की पुढच्याची शक्यता वाढवायची. कल्पना जुनीच. १९९३ च्या एनबीए जॅममध्ये एकाच खेळाडूने लागोपाठ तीन बास्केट केल्या की बॉलला आग लागायची, आणि समोरच्याने बास्केट करेपर्यंत किंवा त्याने स्वतः आणखी चार करेपर्यंत ती विझायची नाही. तिथे ते शोभतं, तो आर्केडचा गेम. (त्याच गेमच्या प्रोग्रामर मार्क टर्मेलने पिस्टन्स संघाच्या प्रेमापोटी बुल्स संघाचे शेवटच्या क्षणाचे शॉट पिस्टन्सविरुद्ध मुद्दाम हुकवले होते, असं त्याने स्वतःच सांगितलंय. आमच्या कोडमध्ये असं काही सापडलं असतं तर नोकरी गेली असती.) आमचा गेम मात्र खऱ्या आकड्यांवर चालतो असं डब्यावर छापलेलं.

गरम हात का घातला, याचं कारण खाली टिपेत होतं. ‘तीन थ्री पडल्यावर खेळाडू थंड पडतो, प्रमाण मूळ टक्केवारीहून कमी येतंय, म्हणून भरपाई.’ सोबत स्क्रिप्ट जोडलेली. स्क्रिप्ट प्रत्येक मॅच घ्यायची, त्यात तीन सलग पडल्यानंतरच्या शॉटची टक्केवारी काढायची आणि मग साऱ्या मॅचच्या टक्केवाऱ्यांची सरासरी. ओळी नीट होत्या, कुठेही चूक नव्हती. उत्तर तेवढं चुकीचं येत होतं.

फळ्यावर नाणं घेऊन दाखवलं तेव्हा खोली गप्प झाली. नाणं तीनदा उडवा. आठ शक्यता: छाछाछा, छाछाका, छाकाछा, छाकाका, काछाछा, काछाका, काकाछा, काकाका. प्रत्येक ओळीत ‘छाप्यानंतर लगेच छापा’ किती टक्के आला ते लिहा. शेवटच्या दोन ओळी बाद, कारण छाप्यानंतर उडवायला काही उरलंच नाही. उरलेल्या सहांत अनुक्रमे एक, अर्धा, शून्य, शून्य, एक, शून्य. बेरीज अडीच, भागिले सहा. ५० टक्के यायला हवेत, आले पावणेबेचाळीसच्या आत. नाणं तेच, त्याला ना स्मरण ना मूड. ओळींची लांबी असमान असताना प्रत्येक ओळीला सारखं वजन दिलं, एवढंच.

१९८५ च्या गिलोविच, व्हॅलोन आणि ट्वर्स्की यांच्या प्रसिद्ध अभ्यासाने गरम हात हा भास आहे असं ठरवलं होतं, आणि २०१८ मध्ये मिलर व संजुर्हो यांनी त्यातली नेमकी हीच मोजणीची फट दाखवली. तेहेतीस वर्षं मोठमोठ्यांच्या नजरेतून सुटलेली गोष्ट आमच्या पोराच्या नजरेतून सुटली यात त्याला बोल लावण्यासारखं काही नाही. उपाय सोपा: मॅचगणिक सरासरी काढायची नाही. साऱ्या सीझनचे ‘तीनानंतरचे’ शॉट एकाच ढिगात ओतायचे आणि पडलेले भागिले टाकलेले. तसं केल्यावर खेळाडू थंड पडतच नव्हता. न झालेल्या रोगावर दोन महिने औषध चाललेलं, आणि सलग तेरा येत होते ते त्या औषधामुळे.

गरम हात काढून टाकला. कंट्रोलर हातात घेऊन खेळणाऱ्याची गोष्ट वेगळी, तिथे आणखी एक पाचर होती. शॉट मीटरची हिरवी खिडकी (बटण सोडायची अचूक वेळ) सेकंदाला साठ फ्रेमच्या गेममध्ये तीन फ्रेमची असेल तर हातात पन्नास मिलिसेकंद मिळतात. टीव्ही गेम मोडवर नसेल तर त्यातले कित्येक टीव्हीच खातो, ऑनलाइन असाल तर उरलेले नेटवर्क खातं, आणि ‘कालपर्यंत पडत होते, आज पॅच आल्यावर हात गेला’ अशा तक्रारींतल्या बऱ्याच इथल्याच असतात. पण एकदा वेळ पकडता आली की आमच्याकडे हिरवा शॉट नेहमी पडायचा, डिफेंडर तोंडावर असला तरी. करीने डिसेंबर २०२० मध्ये सरावानंतर कोपऱ्यातून सलग १०५ थ्री मारल्याचा व्हिडिओ आहे. शंभरातले ९५ पाडणाऱ्यालाही असे १०५ सलग दोनशेत एकदाच जमतील, म्हणजे मोकळ्या जिममध्ये त्याची टक्केवारी त्याहून वरच असणार. तोच माणूस मॅचमध्ये ४२ वर येतो, कारण मधे एक हात असतो, पाय थकलेले असतात, बॉल ड्रिबलवरून उचललेला असतो. म्हणून हिरव्याची हमी मोकळ्या शॉटपुरती ठेवली. तोंडावर हात असेल तर वेळ अचूक असूनही शॉट हुकू शकतो. खेळणारे चिडणार हे माहीत होतं, तरी ठेवली.

संध्याकाळी एक जण म्हणाला, ‘पंधराव्या मिसनंतर आपोआप पडायला लागतो, ती ओळ पण काढायची का सर?’ हे मलाच ठाऊक नव्हतं. कुणीतरी खेळणाऱ्याची दया येऊन ती घातलेली. २८ मे २०१८ ला ह्यूस्टन रॉकेट्सने फायनलआधीच्या मालिकेच्या सातव्या मॅचमध्ये सलग २७ थ्री हुकवले, ४४ पैकी सातच पडले आणि फायनल हातची गेली. आमच्या गेममध्ये ती मॅच घडूच शकली नसती. काढ म्हटलं.

रात्री वीस-वीस सीझनची करिअरं सिम्युलेशनला लावली. मंगळवारी सकाळी दोनशेच्या पुढच्या स्ट्रीक दिसल्या, मोजक्याच, आणि सलग तेराची एकही नाही. बुधवारी सकाळी वॉरियर्स-बोस्टन मॅच होती. खोलीत पैजा लागल्या होत्या, कारण नोव्हेंबर २०१६ मध्ये लेकर्सविरुद्ध दहापैकी शून्य होऊन करीची १५७ मॅचची स्ट्रीक तुटली होती आणि लगेचच्या मॅचमध्ये त्याने तेव्हाचा विक्रम करत तेरा थ्री मारले होते. या वेळी तेरा आले नाहीत. पण थ्री पडला, मॅच ओव्हरटाइममध्ये जिंकली, आणि खेळाडूंचे खरे आकडे गेममध्ये भरणाऱ्या आमच्या रोस्टर अपडेटमध्ये तिन्ही काउंटर वेगवेगळे दिसले. रेग्युलर सीझनच्या रकान्यात १. प्लेऑफचा रकाना अपडेटनंतर रिकामाच राहत होता, त्याचं नवं टिकिट दुपारी आलं.