बाबांचा स्त्रीपार्ट

गावात कोणी विचारलं, "पोरी, तू करतेस तरी काय?", तर मी सरळ सांगते, बाबांचा स्त्रीपार्ट करते. परफॉर्मन्स आर्ट, व्हिडिओ आर्ट हे शब्द आर्ट कॉलेजात मिळाले. काम मात्र इथलंच, गडचिरोली जिल्ह्यातल्या वडशाजवळच्या आमच्या धानाच्या गावातलं.

लग्नाआधी बाबा दंडारीत, म्हणजे आमच्याकडच्या नाचगाण्याच्या लोकनाट्यात, बाई व्हायचे. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या आमच्या झाडीपट्टीत दिवाळी झाली की मंडया म्हणजे गावजत्रा भरतात, रात्रभर नाटकं चालतात. वडशाच्या मंडळ्यांच्या नाटकांत आता बायकांची कामं बायकाच करतात. बाबांच्या दंडारीत ती पुरुषच करायचे. लग्न ठरताना पाहुण्यांनी नाक मुरडलं आणि बाबांनी लुगडं पेटीत टाकलं. २०२३ साली आमच्याच गडचिरोलीच्या, झाडीपट्टीच्या नाटकांत कामं करणाऱ्या परशुराम खुणे यांना पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा ती पेटी त्यांनी आपणहून उघडली. "आपल्या झाडीले मिळाली," एवढंच म्हणाले.

मी तेव्हा पुष्पमाला एन. यांच्या कामाने झपाटले होते. शिल्पकार म्हणून शिकलेल्या या बाईंनी नव्वदच्या दशकात कॅमेऱ्यासमोर स्वतःच नाना तऱ्हेच्या बायका उभ्या करायला घेतल्या. मी कोणती बाई उभी करू, हे मला सुचत नव्हतं. लुगडं पाहिलं आणि ठरलं.

मांडणी साधी. खळ्यात बांबूला मोबाइल बांधला. एकच फ्रेम, कट नाही. डोक्यावर पितळी गुंड, म्हणजे पाण्याचा हंडा, घेऊन, बाबांच्या लुगड्यात मी या टोकापासून त्या टोकापर्यंत चालते. फ्रेमबाहेरून बाबांचा आवाज: "पाय घासू नोको. गुंडात पानी हाय. मान हालली त सांडंल."

त्या चालीत डावं पाऊल जरा बाहेर फेकायचं असतं. ते मला काही केल्या जमेना. ही चाल कुठे शिकलात, असं विचारलं तर म्हणाले, "माह्या मायची हाय." वर्षानुवर्षं रोवणीच्या चिखलात उभं राहून आजीचा डावा गुडघा गेला होता. विहिरीवरून येताना तिच्या मागे चालणाऱ्या पोराने ते पाऊल उचललं आणि दंडारीत नेलं. लोक त्याच पावलावर शिट्ट्या मारायचे. त्यांना ती लचक वाटायची.

माझ्या जन्माआधीच आजी गेली. घरात तिचा एकही फोटो नाही. व्हिडिओत मी बाबा होते, बाबा त्यांची आई होतात, आणि तिचा दुखरा गुडघा माझ्या पायात येतो. अस्मितेवर काम करते असं मी फॉर्मात लिहिते तेव्हा मला हे म्हणायचं असतं.

शहरात एका ठिकाणी हे दाखवलं, तिथे शेजारी 'लोककला' अशी पाटी लावली. मला ते अजिबात पटलं नाही. ही एका बाईची चाल आहे, तिला नाव होतं, तिचा गुडघा दुखत होता.

यंदा मंडईच्या रात्री आमच्याच गावात पडदा लावायचा आहे. शिट्ट्या पडणारच. शिट्ट्या थांबल्या की माइक घेऊन मी आजीच्या गुडघ्याचं सांगणार आहे. बाबा नाही म्हणतात. "लोकायले खुशीनं पाहू दे, मायलेही आवडलं असतं." यावर आमचं अजून एकमत झालेलं नाही.