धनिणीची बाग: सातारच्या बोर्डिंगातला भाकरीचा हिशेब

साताऱ्याला शक्यतो एसटीने यावं. रेल्वे स्टेशन माहुलीच्या बाजूला, गावापासून लांब आहे, तिथून रिक्षा करावीच लागते. स्टँडवर उतरलं की पोवई नाका चालत गाठता येतो आणि रयत शिक्षण संस्थेचा कर्मवीर समाधी परिसरही त्याच भागात आहे. मी मात्र आधी धनिणीच्या बागेतलं शाहू बोर्डिंग, म्हणजे संस्थेचं मुलांचं वसतिगृह, पाहिलं आणि समाधी नंतर. वटवृक्षाचं बोधचिन्ह असलेल्या संस्थेचा आजचा पसारा आधी डोळ्यांत भरला, तर लक्ष्मीबाईंचं काम त्यात हरवून जातं.

लक्ष्मीबाई म्हणजे कर्मवीर भाऊराव पाटलांच्या पत्नी, संस्थेत त्यांना रयतमाउली म्हणतात. भाऊराव सत्यशोधक चळवळीतले. 4 ऑक्टोबर 1919 ला कराड तालुक्यातल्या काले गावी त्यांनी संस्था काढली, 1924 मध्ये साताऱ्यात बोर्डिंग सुरू केलं आणि 1927 मध्ये गांधीजींच्या हस्ते त्याला छत्रपती शाहू महाराजांचं नाव दिलं गेलं. भाषणांतून हे सगळं येतं. लक्ष्मीबाईंच्या वाट्याला भाषणात एक वाक्य येतं: बोर्डिंगातलं धान्य संपलं, भाऊराव बाहेरगावी होते, तेव्हा त्यांनी मंगळसूत्र मोडायला दिलं. गोष्ट खरी आहे. बाकीचे दागिने त्याआधीच बोर्डिंगापायी गेले होते.

पण ती वेळ येते कशी, हे समजायला थोडा हिशेब मांडावा लागतो. बोर्डिंगाच्या आवारात उभं राहून तो चांगला सुचतो.

साठ मुलं धरा. वाढत्या वयाचं पोर एका वेळेला दोन ज्वारीच्या भाकऱ्या सहज खातं. भाकरीला शंभर ग्रॅम पीठ धरलं तरी दोन वेळचं मिळून डोई चारशे ग्रॅम, म्हणजे दिवसाला चोवीस किलो. शंभर किलोचं पोतं चार दिवसांत रिकामं. त्यात कोरड्यास (भाकरीबरोबरचं कालवण), तेल-मीठ, सरपण काहीच धरलेलं नाही.

आता चुलीचं बघा. एका वेळेच्या एकशेवीस भाकऱ्या. तव्यावर टाकून, पाणी फिरवून, उलटून, निखाऱ्यावर फुगवेपर्यंत भाकरीला तीनेक मिनिटं जातात. एकच चूल असेल तर सहा तास. तीन चुली पेटल्या तर दोन तासांत उरकतं, पण मग थापायलाही तीन जोड्या हात हवेत. ज्वारीच्या पिठाला गव्हासारखा चिकटपणा नसतो, म्हणून सगळं एकदम मळून ठेवता येत नाही. कोमट पाण्यात एकेका भाकरीपुरता गोळा तेव्हाच्या तेव्हा मळायचा. पीठ शिळं झालं की त्याची विरी, म्हणजे गोळा धरून ठेवणारा थोडाफार चिकटपणाही, जाते, थापताना कडा फाटतात आणि भाकरी तव्यावर जाईपर्यंत तुटते. त्यामुळे आठवड्याचं दळून ठेवायची सोय नाही, दळण रोजच्या रोज. म्हणूनच बोर्डिंगात मुलं पाळीपाळीने स्वयंपाकाला बसत, पाणी भरत, सरपण आणत. कमवा आणि शिका या योजनेचं आज मोठं कौतुक होतं, पण चुलीपुढे दुसरा इलाज तरी काय होता?

धान्य यायचं लोकांकडून. सुगीत शेतकऱ्याचा हात सैल असतो, आषाढ-श्रावणात त्याचीच कणगी तळाला जाते. गोळा केलेल्या धान्यात नवी-जुनी ज्वारी एकत्र होते, मग एका किडक्या पायलीपायी सगळ्या पोत्यात सोंडे होतात. कडुलिंबाचा पाला घाला, उन्हं द्या, पण पावसाळ्यात ऊन कुठलं? म्हणजे तुटवडा ठरलेल्या वेळी येणार, हे स्वयंपाकघर सांभाळणाऱ्या बाईला कुणी सांगावं लागत नाही. मंगळसूत्राचे पैसे आले तरी ते काही दिवसांचेच. म्हणून त्या एका प्रसंगापेक्षा त्याच्या पुढेमागे रोज रांधलेल्या भाकऱ्या मला जास्त भारी वाटतात.

त्यातली दुसरी अडचण जातीची. लक्ष्मीबाई कुंभोजच्या, जैन पाटील घराण्यातल्या. सोवळं-ओवळं पाळणाऱ्या, सूर्यास्ताआधी जेवण उरकणाऱ्या रीतीत वाढलेल्या. इथे महार, मांग, मराठा, मुसलमान पोरं एका पंगतीला. भाऊराव वर्गणीसाठी गावोगाव फिरत, त्यामुळे पंगत रोज सांभाळायची ती घरातल्या बाईने. आजारी पोराचं अंथरूण-पांघरूण, लहानग्यांची आंघोळ हेही त्यांच्याचकडे. ‘पतीच्या कार्याला साथ’ असं याला म्हणणं मला कोतं वाटतं.

1930 मध्ये त्या गेल्या. 1935 चं सिल्व्हर ज्युबिली ट्रेनिंग कॉलेज, 1940 चं महाराजा सयाजीराव हायस्कूल, 1947 चं छत्रपती शिवाजी कॉलेज, यांतलं काही त्यांनी पाहिलं नाही.

बोर्डिंगात आजही मुलं राहतात, तेव्हा आत जायचं तर आधी कार्यालयात विचारावं आणि जेवणाच्या वेळी फोटो काढत हिंडू नये. हाताशी आणखी वेळ असेल तर साताऱ्याहून कराडला उतरून काले करता येतं. दुधगावही त्याच दौऱ्यात बसवायचं असेल तर मुक्काम सांगलीला ठेवा. भाऊरावांचं रयतच्या आधीचं वसतिगृह दुधगावचं, पण एका दिवसात तिन्ही गावं केली तर सगळा वेळ एसटीतच जाईल.