पामुकच्या आतला पेंटर

तुर्की कादंबरीकार ओरहान पामुक म्हटलं की आपल्याकडे नोबेल, 'माय नेम इज रेड' आणि "सुरू केलं होतं रे पण अर्धवट राहिलं" ही तीन वाक्यं ठरलेली. मला मात्र त्याच्याबद्दल सगळ्यात इंटरेस्टिंग वाटतं ते हे की हा माणूस मुळात पेंटर व्हायला निघाला होता, आणि हौस म्हणून वगैरे नाही, चांगला सिरियसली. सातव्या वर्षापासून ते बाविसाव्या वर्षापर्यंत पोरगा चित्रच काढत होता आणि पुढे चित्रकारच होणार हे डोक्यात पक्कं.

जन्म १९५२चा, इस्तंबूलमधल्या निशांताशी या बड्या लोकांच्या भागातला. आजोबा इंजिनियर, रेल्वेची कामं करून बक्कळ पैसा केला, आणि मग वडील आणि काकांनी एकेक धंदा काढून तो व्यवस्थित घालवला. तरी पामुक अपार्टमेंट नावाची बिल्डिंग होती आणि प्रत्येक मजल्यावर घरातलेच कोणीतरी. आता इंजिनियरांच्या घरात चित्रं काढणारा मुलगा, मग काय करायचं, तर आर्किटेक्चर! (हे लॉजिक कुठल्याही आईबापांना दोन मिनिटात पटेल.) इस्तंबूल टेक्निकल युनिव्हर्सिटीत तीन वर्षं काढून त्याने ते सोडलं.

त्याचं 'इस्तंबूल' हे आठवणींचं पुस्तक आहे २००३चं, त्यात हा सगळा काळ आलाय. घरातलं जुनं फर्निचर ठेवायला वापरलेला आईचा एक फ्लॅट होता, तिथे हा स्टुडिओ थाटून बसायचा, आणि पॅरिसचे रस्ते रंगवणारा तो उत्रिलो, आपण म्हणजे तोच आहोत असं मनाशी धरून इस्तंबूलच्या गल्ल्या काढायचा. म्हणजे स्वतःच्याच शहराकडे बघायला याला दुसऱ्या कोणाचे तरी डोळे लागायचे. मला वाटतं त्याच्यातला कादंबरीकार इथेच तयार झाला, ब्रश हातात असतानाच, कारण दुसऱ्याच्या कातडीत शिरून बघणे हेच तर पुढे आयुष्यभर केलं त्याने.

त्या पुस्तकाचा शेवट तर कमाल आहे. रात्रीची वेळ, आई पत्ते मांडून एकटीच पेशन्स खेळत बसलीये, आणि पत्ते लावता लावता मुलाला समजावतेय की बाबा या देशात चित्रं काढून कोणाचं पोट भरत नाही, डिग्री पूर्ण कर. वाद वाढत जातो, आणि शेवटी हा काय म्हणतो तर मी चित्रकार होणार नाही, मी लेखक होणार. म्हणजे पैसे नाहीत म्हणून चित्रकला सोडली आणि निवडलं काय तर लेखन! आईची त्या रात्री काय अवस्था झाली असेल. पुढे जर्नालिझमची डिग्री घेतली पण पत्रकारिता एक दिवस केली नाही, घरात दार लावून लिहीत बसला आणि पहिली कादंबरी छापून यायला १९८२ साल उजाडलं, तेव्हा वय तीस.

पेंटर गेला असं वाटत असतानाच १९९८ला 'माय नेम इज रेड' आली. १५९१ सालचं इस्तंबूल, सुलतानासाठी हस्तलिखितं रंगवणारे नक्काश, त्यातल्या एकाचा खून. कुत्रा बोलतो, झाड बोलतं, नाणं बोलतं, लाल रंग स्वतः बोलतो. पण खुनापेक्षा खरी मारामारी आहे ती चित्र कसं काढायचं याची. घोडा काढायचा तो डोळ्यासमोर उभा आहे तसा, की शेकडो वर्षं उस्तादांनी काढला तसा, आठवणीतून? चित्रकाराची स्वतःची स्टाईल दिसणं ही कला की चूक? मुख्य उस्ताद उस्मान तर सुई घेऊन स्वतःचे डोळे फोडून घेतो. तो सीन मी वाचला तेव्हा पुस्तक बाजूला ठेवून थोडा वेळ नुसताच बसलो होतो. हे असलं काही बाहेरून रिसर्च करून जमत नाही, ज्याने स्वतः तासनतास कागदाशी मारामारी केली त्यालाच ते सुचतं.

२००९ला हार्वर्डमधे त्याने कादंबरीवर लेक्चर्स दिली, त्यातही सूर हाच की कादंबरी ही मूळात बघायची गोष्ट आहे, लेखक शब्दांनी चित्र काढतो आणि वाचक ते मनात परत उभं करतो. टॉलस्टॉय त्याला दिसतो, दोस्तोयव्हस्की तितका दिसत नाही. मला हे पूर्ण पटत नाही, काही कादंबऱ्यांचा फक्त आवाज कानात राहतो आणि त्याही ग्रेट असतात, पण पेंटर असं म्हणणारच.

मधे २००६ला नोबेल झालं, ते सगळ्यांना माहितीये. २०१२ला त्याने इस्तंबूलच्या चुकुरजुमा भागातल्या एका जुन्या घरात 'म्युझियम ऑफ इनोसन्स' उघडलं, त्याच नावाच्या कादंबरीतल्या वस्तूंचं. नायिकेने ओढलेल्या सिगारेटची ४,२१३ थोटकं भिंतीवर टाचून ठेवलीयेत, प्रत्येकाखाली हाताने लिहिलेली नोंद. वेडेपणा आहे, पण मला त्याच्या कॅनव्हासपेक्षा ही भिंत जास्त मोठं पेंटिंग वाटते.

आणि मग वह्या. २००८च्या सुमारास हा गृहस्थ दुकानात गेला आणि दोन मोठ्या पिशव्या भरून रंग, पेन्सिली, ब्रश घेऊन आला, आणि म्हणे घाबरत घाबरतच सुरुवात केली. नोबेल मिळालेला माणूस घाबरतोय, छान वाटलं ऐकून! तेव्हापासून छोट्या वह्यांमधे लिहिणं आणि चित्र एकाच पानावर. त्यातली निवडक पानं 'मेमरीज ऑफ डिस्टंट माउंटन्स' या नावाने इंग्रजीत २०२४ला आली. जहाजं, बॉस्फरसची सामुद्रधुनी, डोंगर, आणि या सगळ्याच्या अंगावरून, आभाळातून, पाण्यातून त्याचं बारीक तुर्की अक्षर. कुठे शब्द संपले आणि लाटा सुरू झाल्या कळत नाही. पानं तारखेप्रमाणे लावलेली नाहीत, त्यामुळे सुरुवातीला जाम गोंधळ होतो.

चित्रं म्हणून ग्रेट आहेत का? नाही, प्रामाणिकपणे नाही. पण बाविसाव्या वर्षीची ती चित्रं मोठा चित्रकार होण्यासाठी काढलेली होती, आणि या वह्यांमधे तसलं काही प्रेशरच नाही, कादंबरी अडली की डोंगर काढलाय आणि डोंगर झाला की परत कादंबरीबद्दल कुरकुर. वाचायचं असेल तर 'रेड'ने सुरुवात करू नका, अर्धवट राहील. आधी 'इस्तंबूल' घ्या, मग 'रेड', आणि वह्या मात्र सलग वाचायच्या भानगडीत पडू नका, कुठलंही पान उघडून बघत बसा.