भुलखडा शोधायला गोठण्याला

भुलखड्याचं वजन किती असतं, असं भाचीने विचारलं तेव्हा आम्ही राजापुरात घावणे-चटणी खात होतो. मी म्हटलं, "असेल पेरूएवढं." तिने वही काढून लिहून घेतलं आणि शेजारी प्रश्नचिन्ह टाकलं.

आधी भुलखडा म्हणजे काय ते सांगायला हवं. गेली दोन वर्षं मी या बारा वर्षांच्या मुलीसाठी एक जग रचतोय. आडदर्या त्याचं नाव. तिथे सात बेटं आहेत, बोलकी भरती-ओहोटी आहे, आणि खोल कपारीत सापडणारा निळा, काळोखात उजळणारा भुलखडा आहे. तो ज्या होडीत असेल तिला दिशाच सापडत नाही. कल्पना माझी म्हणतो खरी, पण मूळ आजीचं. तिन्हीसांजेला सड्यावरून, म्हणजे उघड्या कातळाच्या माळावरून, येणाऱ्याला चकवा लागतो आणि तो रात्रभर त्याच कुंपणाभोवती फिरत राहतो, हे ऐकतच मी मोठा झालो. मी फक्त त्या चकव्याचा दगड केला.

भाचीची तक्रार रास्त होती. "पहिल्या गोष्टीत मूठभर खड्याने एक होडी भुलली. चौथ्या गोष्टीत तेवढ्याच खड्याने अख्खं आरमार. मामा, तू काहीतरी एक ठरव." मला ठरवता येईना. मग आठवलं की राजापूर तालुक्यातल्या देवाचे गोठणे गावाच्या सड्यावर एक कातळशिल्प आहे आणि तिथे होकायंत्राची सुई भरकटते. डिसेंबरात सुट्टी लागली तशी तिला गाडीत घातली.

गोठण्याचं भार्गवरामाचं देऊळ झाडीत लपलेलं आहे. पेशव्यांचे गुरू ब्रह्मेंद्रस्वामी यांच्याशी नातं सांगणारं हे देऊळ, आणि आत टांगलेली घंटा पोर्तुगीज. खरं तर या घंटेवरच वेगळं लिहायला हवं, पण भाची हात धरून ओढत होती. ज्या घराच्या खळ्यात गाडी लावली तिथल्या आजींनी आमच्याकडे पाहून एवढंच विचारलं, "पाणी घेतलाव ना? कातळ तापतो."

तापतोच. चढण संपली आणि एकदम उघडा सडा लागला. पिवळं वाळकं गवत, मधेमधे काळपट जांभा, झाड औषधाला नाही. हा जांभा मूळचा काळा कातळच. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. कोकणचा पाऊस आणि ऊन यांनी त्यातली सिलिका युगानुयुगं धुऊन नेली. उरलं ते लोखंड आणि ॲल्युमिनियम. म्हणून तो तांबडा. तोडला की चिरा, उघडा पडला की सडा.

शिल्प पटकन दिसत नाही. सकाळचं तिरपं ऊन रेघांत शिरलं तेव्हा कुठे माणसाची आकृती जमिनीवर निजल्यासारखी उमटली. कोकणातली अशी शिल्पं अभ्यासक मध्याश्मयुगापर्यंत मागे नेतात. रत्नागिरीच्या सुधीर रिसबूड, धनंजय मराठे यांच्यासारख्यांनी सडेच्या सडे पायाखाली घालून ती शोधली. २०२२ साली युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत ९ ठिकाणं गेली. त्यांतली ७ रत्नागिरी जिल्ह्यातली आणि त्यांत हे गोठणं. चपला काढून आम्ही कडेलाच बसलो. रेघांवर पाय द्यायचा नाही, हा नियम भाचीनेच मला सांगितला.

आता खरं काम. मोबाईल आणि गाडीच्या किल्ल्या लांब गवतात ठेवल्या. लोखंड जवळ असेल तर सुई तशीही खोटं बोलते. भाचीने साधं सुईचं होकायंत्र कंबरेशी धरलं. उत्तर. मग कातळावर टेकवलं, आणि सुई थरथरून बाजूला वळली. वीतभर सरकवलं, वेगळीच दिशा. उचललं की हळूहळू पुन्हा उत्तर. तिने हे वीसेक वेळा केलं. मी पहिल्या वेळेलाच "अरे!" म्हणून मोकळा झालो होतो, ती मात्र उंची मोजत होती, वितींनी.

दगड असे का वागतात, यात जादू नाही. लोखंडाच्या काही खनिजांत, विशेषतः मॅग्नेटाइटमध्ये, चुंबकत्व टिकून राहतं. उघड्या कातळावर वीज कोसळली तर तिच्या प्रवाहानेही तेवढा तुकडा चांगलाच चुंबकित होतो. पृथ्वीचं स्वतःचं चुंबकीय क्षेत्र अगदी दुबळं. घरातल्या फ्रीजवर चिकटवायचं चुंबक त्याच्या कितीतरी पट जोरदार. त्यामुळे सुईला जवळचा दगड भारी पडतो आणि दगडापासून जरा लांब गेलं की पृथ्वी जिंकते. हे मी सांगत होतो तेव्हा भाची माझ्याकडे ज्या नजरेने पाहत होती, ती आडदर्याच्या लेखकाला झोंबणारी होती. कारण माझा भुलखडा निळा, उजळणारा, कपारीतला. आणि हा? ज्याच्यावर आम्ही बसलो होतो तो आणि ज्याने सुई फिरवली तो, दोन्ही दिसायला एकच. ओबडधोबड, तांबडे, भोकाभोकांचे.

"निळा रंग काढ," ती म्हणाली. "आणि उजळणं पण. ओळखू आला तर कोण घेईल होडीत?"

मी मान डोलावली. निळा रंग मला आवडायचा, पण बरोबर होतं तिचं. वहीत नवं कलम आलं: भुलखडा कंबरेच्या वर चालत नाही. म्हणजे चौथ्या गोष्टीतलं आरमार आता बुडवण्यासाठी मला दुसरी काहीतरी सोय बघावी लागणार.

उतरताना तिने वाटेतल्या प्रत्येक गडग्याच्या, म्हणजे दगडी कुंपणाच्या, दगडावर होकायंत्र टेकवायला सुरुवात केली. सुई मुळीच हलेना. अर्ध्या तासाची वाट सव्वा तास झाली. खळ्यात पोचलो तरी ती आजींच्या गोठ्याच्या चिऱ्यांवर वाकलेलीच.

"काय गो, काय शोधतेस?" आजींनी विचारलं.

"उत्तर."

आजींनी हातातला केरसुणीचा दांडा गोठ्यामागच्या माडाकडे केला. "ती काय, थय."

भाचीने होकायंत्र पाहिलं. मग माडाकडे. मग वही मिटली आणि पाणी मागितलं.