कालकाच शोधायला लोणारला

माझ्या अर्धवट कादंबरीत कालकाच नावाचं एक द्रव्य आहे. जगात मूठभरच. घड्याळात बसवली की आतला क्षण थिजतो आणि ती मिळवायला मांत्रिक एकमेकांच्या जिवावर उठतात. पहिली चार प्रकरणं भूगर्भशास्त्र शिकवणाऱ्या मावसभावाला वाचायला दिली, तर म्हणाला, “ताई, हे तर मॅस्केलिनाइट झालं. लोणारला जाऊन ये.”

फेल्डस्पार नावाच्या साध्या स्फटिकावर उल्केच्या धडकेने काही लाख वातावरणांएवढा दाब आला की त्याचं मॅस्केलिनाइट होतं. बाहेरचा आकार स्फटिकाचाच राहतो, आतली रचना मात्र काचेची होते. हे पहिल्यांदा ओळखलं गेलं ते १८६५ साली बिहारात शेरघाटीला पडलेल्या उल्केत, आणि तो दगड मंगळावरून आलेला. नाव पडलं ब्रिटिश म्युझियममधले खनिजतज्ज्ञ नेव्हिल स्टोरी-मॅस्केलिन यांच्यावरून. त्यांचे आजोबा नेव्हिल मॅस्केलिन हे इंग्लंडचे शाही खगोलशास्त्रज्ञ, भर समुद्रात चंद्र बघून वेळ आणि त्यावरून रेखांश काढायच्या पद्धतीचे पुरस्कर्ते. काळाशी एवढं घरचं नातं मी कादंबरीत जुळवलं असतं तर ओढूनताणून आणलंय म्हणून बोलणी खाल्ली असती.

लोणार म्हणजे उल्केच्या धडकेने झालेलं विवर आणि त्याच्या तळाशी तळं. संभाजीनगरहून जालनामार्गे साधारण दीडशे किलोमीटर. वाटेत सिंदखेडराजाला थांबता येतं. मुक्काम लोणारलाच करा. एका दिवसात जाऊन-येऊन करणारे कड्यावर फोटो काढतात आणि परततात. उतरायचं असेल तर उजाडल्याबरोबर निघा. मी साडेनऊला निघाले आणि परतीचा चढ भर उन्हात चढले. तळाशी प्यायचं पाणी मिळेल या भरवशावर राहू नका. वहाणा नकोत, पकड असलेले बूट हवेत. माझा एक पाय काठच्या काळ्या चिखलात घोट्यापर्यंत गेला आणि तो सडक्या अंड्यांचा वास खोलीवर परतेपर्यंत सुटला नाही. पावसाळ्यानंतर पाणी चढलेलं असतं, तेव्हा काठच्या कमळजा देवीच्या देवळापर्यंत वाट मोकळी आहे का हे वरच विचारून घ्या.

कड्यावरून पहिल्यांदा बघाल तेव्हा एवढं लक्षात ठेवा: खड्ड्याचा व्यास सुमारे १.८ किलोमीटर आणि तो खणला गेलाय थेट बेसॉल्टमध्ये, म्हणजे आपल्या सह्याद्रीच्याच काळ्या पत्थरात. पृथ्वीवर बेसॉल्टमधली अशी विवरं मोजकीच. चंद्र-मंगळावरही असाच दगड आहे, म्हणून त्यांच्या अभ्यासकांना लोणारचं वेड. गाईड जरूर घ्या. आमच्या गाईडने कागदावर हळद चोळली आणि त्यावर तळ्याच्या पाण्याचा थेंब टाकला, तर ती कुंकवासारखी लाल झाली. पाणी इतकं अल्कधर्मी, साबणाच्या पाण्यासारखं. लवणासुराची गोष्टही तो रंगवून सांगतो. ती ऐकाच, आणि मग गावात दैत्यसूदनाच्या देवळात जाऊन दगडात कोरलेली बघा.

आता मुख्य निराशा. मॅस्केलिनाइट डोळ्यांनी दिसत नाही. मी तास-दीड तास चमकणारे खडे शोधत होते. एक काळा, फेसाळल्यासारखा तुकडा हळूच पिशवीत टाकला, तर गाईड शांतपणे म्हणाला, “मॅडम, तो जिथून घेतलात तिथंच ठेवा.” बरोबर होतं त्याचं. हे अभयारण्य आहे आणि इथून दगड न्यायला बंदी आहे. कोणी ‘उल्केचा तुकडा’ म्हणून काही विकायला आणलं तरी घेऊ नका.

खरी कालकाच दिसली ती परतल्यावर, भावाच्या प्रयोगशाळेत. लोणारच्या दगडाचा कागदाहून पातळ काप सूक्ष्मदर्शकाखाली होता. त्यात फिकट काड्या, नीट स्फटिकाच्या आकाराच्या. भावाने ध्रुवकाच्या, म्हणजे एकाच दिशेने कंपणारा प्रकाश जाऊ देणाऱ्या, दोन पट्ट्या आडव्या-उभ्या लावल्या आणि खालची तबकडी फिरवायला सांगितली. शेजारचे शाबूत स्फटिक उजळत-विझत होते. या काड्या मात्र विझल्या त्या विझल्याच, पूर्ण फेरी झाली तरी काळ्या. स्फटिकाचं नुसतं कवच उरलं होतं. मी ती तबकडी पाच-सहा वेळा फिरवली असेन.

आणि काळाचा घोळ म्हणाल तर तोही इथे आहेच. धडकेत दगड वितळला की त्यात वर्षानुवर्षं हळूहळू साठलेला आर्गॉन वायू बराचसा निसटतो आणि दगडाचं घड्याळ पुन्हा शून्यापासून चालू होतं. लोणारच्या काचेचं वय आधी उष्मादीप्तीच्या पद्धतीने, म्हणजे तापवल्यावर ती किती उजळते ते मोजून, सुमारे ५२ हजार वर्षं निघालं होतं. नंतर आर्गॉनने मोजलं तर सुमारे ५ लाख ७० हजार. एकाच खड्ड्यातली काच, आणि दोन घड्याळांत जवळजवळ अकरा पटींचा फरक. संशोधकांचा भर आता दुसऱ्या आकड्यावर आहे, पण लोणारला तुम्हाला ५२ हजारच ऐकायला मिळेल. वाद घालत बसू नका, ऊन वाढतं.

कादंबरीतलं पाचवं प्रकरण मी काढून टाकलंय. त्यात नायिका विवराच्या तळातून निळी, चमचमती कालकाच उचलून पिशवीत टाकते.